बार्शी लाईट: मधल्या एकवीस मैलांची गोष्ट



आपल्या बुरोंडीहून खेडचं रेल्वे स्टेशन किती लांब? दापोलीवरून गेलं तर चाळीस किलोमीटरच्या आसपास. मुंबईच्या प्रदर्शनाला आंबापोळीचे आणि आमसुलांचे खोके घेऊन निघालेल्या प्रत्येक बाईला हे चाळीस किलोमीटर तोंडपाठ आहेत. खेडला गाडीत बसलं की मुंबई आलीच म्हणायची. पण खेडपर्यंत पोचायचं म्हणजे आधी टेम्पो ठरवा, मग दापोलीला थांबा, खोके उतरवा, परत चढवा. मोठा प्रवास सोपा आणि हा मधला तुकडाच अवघड. भाड्याचा हिशेब मांडायला बसलं की तेच दिसतं.

आज मी तुम्हाला असाच एक मधला तुकडा जोडणाऱ्या रेल्वेची गोष्ट सांगणार आहे. ती आपल्या कोकणातली नाही. आपल्याकडे रेल्वे पूर्ण सुरू झाली २६ जानेवारी १९९८ ला, म्हणजे आपल्यातल्या बऱ्याच जणींची लग्नं होऊन गेल्यावर. ही गोष्ट आहे घाटावरची, सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीची, आणि शंभर वर्षं आधीची. त्या रेल्वेचं नाव बार्शी लाईट रेल्वे. पंढरपूरला जाऊन आलेल्या आपल्या सासवांना, आज्यांना विचारा. त्यांनी ती लहानशी गाडी पाहिलेली असेल, एखादी तिच्यात बसलीही असेल.

आता थोडं मागून सांगते. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली, हे आपल्या पोरांच्या पुस्तकात असतं. ती ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनीची, म्हणजे जीआयपीची. विलायतेतल्या लोकांनी पैसे घातले आणि सरकारनं त्यांना ५ टक्के व्याजाची हमी दिली. गाडीला फायदा होवो न होवो, व्याज मिळणारच, आणि कमी पडलं तर ते इथल्या लोकांच्या करातून भरलं जाणार. आपल्या गटाला असं कर्ज कुणी देईल का, हा विचार माझ्या मनात आल्याशिवाय राहत नाही! पुढं पुण्याहून सोलापूरकडे रूळ गेले आणि १८६० मध्ये गाडी सोलापूरला पोचली. १८७१ पर्यंत तोच मार्ग रायचूरला जाऊन मिळाला.

रेल्वे एवढ्या घाईनं तिकडेच का गेली आणि आपल्या किनाऱ्यानं का आली नाही? एक तर आपल्याकडे बंदरं होती, गलबतं होती, पुढं आगबोटीही आल्या. हर्णै, दाभोळहून माणूस बोटीनं मुंबईला जात होता. दुसरं म्हणजे डोंगर आणि खाड्या. पण मोठं कारण कापूस. दख्खनच्या काळ्या जमिनीत पिकलेला कापूस मुंबई बंदरात आणून इंग्लंडच्या गिरण्यांना पोचवायचा होता. १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध झालं, तिकडचा कापूस थांबला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. रूळ कापसाच्या मागं गेले. आपल्या नारळ-सुपारीच्या मागं कोण येणार होतं?

तर बार्शी ही कापसाची, धान्याची, गळिताची मोठी पेठ. सरकी काढायचं काम तिथं, अडतीची दुकानं तिथं. गावाच्या पूर्वेला थोडं गेलं की निजामाचं राज्य लागायचं, त्या मुलखातला मालही बैलगाड्या भरभरून बार्शीलाच यायचा. अशा या भरल्या पेठेला टाळून जीआयपीची गाडी एकवीस मैलांवरून, म्हणजे चौतीस किलोमीटरवरून निघून गेली. जवळचं जे स्टेशन, त्याला नाव दिलं बार्शी रोड. नावात बार्शी आहे, पण बार्शी तिथं नाही. हे ऐकून तुम्हाला आपल्याकडचीही काही स्टेशनं आठवतील. हेच बार्शी रोड म्हणजे आजची कुर्डुवाडी.

बार्शी रोडहून मुंबई पावणेचारशे किलोमीटर. तेवढं अंतर इंजिन एका दिवसाच्या आत कापायचं. पण बार्शीच्या अडत्याचा कापूस त्या स्टेशनावर पोचवायला भरल्या बैलगाडीला दीड-दोन दिवस लागायचे. उन्हाळ्यात धूळ आणि बैलांना पाण्याचे हाल. पावसाळ्यात काळ्या मातीचा असा चिखल की चाक आसापर्यंत रुतायचं. गाडी वाटेत अडकली की वर भिजणारी गाठ ज्याची, नुकसान त्याचं.

या तुकड्याकडे एका तरुण इंग्रजाचं लक्ष गेलं. एव्हरार्ड कॅलथ्रॉप त्याचं नाव, जन्म १८५७ चा. १८८२ मध्ये, पंचविसाव्या वर्षी, तो जीआयपी कंपनीत इंजिनांचा निरीक्षक म्हणून हिंदुस्थानात आला. कंपनीच्या कामावर असतानाच त्याच्या डोक्यात बार्शीच्या छोट्या रेल्वेची योजना घोळू लागली. ती सरकारपुढं मांडणं, परवानगी, पैसे जमवणं यात वर्षामागून वर्षं गेली. शेवटी १८९५ मध्ये लंडनला कंपनी स्थापन झाली आणि १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी गाडी धावायला लागली.

आता मला जो भाग सगळ्यात आवडतो, तो जरा सावकाश सांगते.

जीआयपीचे रूळ होते ब्रॉडगेज, दोन रुळांमध्ये साडेपाच फूट अंतर. असा रस्ता बांधायचा तर जमीन जास्त, खडी जास्त, रूळ जाड, पूल भक्कम, वळणं मोठी, म्हणजे खर्च अफाट. एकवीस मैलांच्या एका पेठेसाठी तो खर्च कोण करणार? कॅलथ्रॉप म्हणाला, अडीच फुटांचा मार्ग करू. अडीच फूट म्हणजे आपल्या घराच्या दारापेक्षाही कमी. तसं हे माप हिंदुस्थानात अगदी नवं नव्हतं. बडोद्याच्या गायकवाडांनी १८६२ मध्येच डभोईला अशी अरुंद रेल्वे केली होती आणि सुरुवातीला ती चक्क बैल ओढायचे. पण लोकांची समजूत अशी की अरुंद गाडी म्हणजे खेळणं. चार पोती टाका, दोन माणसं बसवा, झालं. खरा माल न्यायचा तर मोठीच गाडी पाहिजे.

कॅलथ्रॉपचं म्हणणं वेगळं होतं. तो म्हणाला, रूळ मोडतो तो एकूण वजनानं नाही, एका ठिकाणी पडलेल्या वजनानं मोडतो. शिमग्यात आपली पालखी निघते, तेव्हा ती दोघांच्याच खांद्यावर दिली तर दोघं वाटेत बसतील. आठ खांदे सारखे लागले की तीच पालखी घरोघर नाचत फिरते. त्यातही एकजण बुटका असला की भार दुसऱ्यावर जातो, म्हणून खांदे सारखे लागतात. त्यानं रेल्वेत अगदी हेच केलं. गाडीखाली चाकांच्या जोडीमधून जो दांडा जातो, त्याला आस म्हणतात. प्रत्येक आसावर जास्तीत जास्त पाच टन भार पडेल असा नियम त्यानं घातला. मालडब्याला दोन आसांऐवजी चार आस दिले. म्हणजे डबा आणि माल मिळून वीस टनांपर्यंत नेता येणार, पण रुळाला कळणार पाचच टन.

इंजिनालाही तोच नियम. इंजिन तर सगळ्यात जड असतं. इंग्लंडमधल्या लीड्स गावच्या किटसन कंपनीनं जी इंजिनं बनवली, त्यांना ओढणारी आठ चाकं एकमेकांना जोडलेली आणि भार पेलायला मागं आणखी चार चाकं. इंजिन ताकदवान, पण कुठल्याच चाकानं रुळावर जादा भार टाकायचा नाही. एवढा हिशेब बसवल्यावर रूळ किती हलके चालले? वाराला तीस पौंड, म्हणजे तीन फुटांच्या तुकड्याचं वजन साडेतेरा किलोच्या आसपास. मोठ्या रेल्वेचा रूळ याच्या दुपटीहून जड असायचा. दुसरी गोष्ट, इंजिन असो, प्रवासी डबा असो की मालडबा, सगळ्यांचा भार एकाच मापात बसवल्यामुळं रुळाची ताकद कुठंच वाया जात नव्हती. डबे आणि इंजिनं इकडं पाठवायच्या आधी लीड्सजवळ खास रूळ टाकून चालवून दाखवली. ज्यांना शंका होत्या त्यांनी येऊन बघावं म्हणून.

मी शिकलेली बी.ए., इंजिनियर नाही. पण हिशेब लिहिणारी बाई म्हणून मला हे फार पटतं. माणूस आधी मोठ्या गाडीचं स्वप्न बघतो आणि मग पैसे नाहीत म्हणून रडतो. या माणसानं आधी रूळ किती पेलेल ते ठरवलं आणि बाकी सगळं त्या मापात बसवलं.

गाडी सुरू झाली ते साल मात्र फार वाईट होतं. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग शिरला होता आणि १८९६-९७ ला दख्खनमध्ये दुष्काळ पडला. सोलापूर जिल्हा त्यात पोळला. लगेच १८९९-१९०० ला पुन्हा मोठा दुष्काळ. रेल्वे आली म्हणजे दुष्काळ हटला असं कुणी सांगितलं तर खरं मानू नका. रुळावरून धान्य गावात येतं, तसं ते गावातून बाहेरही जातं. जिथं भाव जास्त तिथं ते जातं. ज्याच्या हातात पैसा नाही, त्याच्या दारावरून धान्याची गाडी शिट्टी मारत निघून जाते.

आणखी एक गोष्ट इतिहासाच्या पुस्तकात एका ओळीत उरकतात, ती मला उरकावीशी वाटत नाही. बार्शी ते बार्शी रोड या वाटेवर बैलगाड्या चालत होत्या, म्हणजे गाडीवान होते, त्यांची बायकामुलं होती, वाटेत बैलांना कडबा विकणारे होते. १८९७ नंतर त्यांच्या पोटाचं काय झालं? काहींना खेड्यातून बार्शीपर्यंत माल आणायचं काम उरलं, कारण रेल्वे आली तरी शेतातून पेठेपर्यंत गाडी बैलाचीच. पण या एकवीस मैलांचं भाडं त्यांच्या हातून गेलं ते गेलंच.

उलट कुर्डुवाडीला नवं काम उभं राहिलं. कारण अरुंद गाडीचा एक मोठा तोटा होता. अडीच फुटांचा डबा साडेपाच फुटांच्या रुळावर चढत नाही. बार्शीहून आलेली कापसाची प्रत्येक गाठ, ज्वारीचं प्रत्येक पोतं कुर्डुवाडीच्या मालधक्क्यावर एका गाडीतून उतरवायचं आणि दुसऱ्या गाडीत भरायचं. मुंबईहून आलेलं मीठ, रॉकेल, कापड उलट्या दिशेनं तसंच. उचलणारे हमाल, मोजणारे कारकून, पोतं फाटलं तर शिवणारे, सांडलेलं धान्य झाडून गोळा करणारे. रेल्वेच्या हिशेबात हा तोटा, पण तोट्याच्या त्या खात्यावर कितीतरी चुली पेटत होत्या. शिवाय बार्शी लाईटची इंजिनं आणि डबे दुरुस्त करायचा कारखानाही कुर्डुवाडीतच झाला. साधं खेडं होतं, ते रेल्वेचं गाव बनलं.

आता पंढरपूर. १९०६ मध्ये या लाईनचा फाटा कुर्डुवाडीहून पंढरपूरला गेला, साधारण बावन्न किलोमीटर. त्याआधी रेल्वेनं येणारा वारकरी बार्शी रोडला उतरायचा आणि पुढं पायी किंवा बैलगाडीनं जायचा. आपल्या कोकणातल्या माणसाला तर आधी बोटीनं मुंबई, मग रेल्वे, मग ही बावन्न किलोमीटरची वाट. नाहीतर सरळ घाट चढून पायी. म्हातारी माणसं, लेकुरवाळ्या बाया कधी जाणार? वारीला पायी जाणारे गाडी आल्यावरही पायीच गेले, त्यांचा तो नेम. पण परत येताना गाडी मिळायला लागली. आणि ज्यांना चालणं झेपत नव्हतं, त्यांच्यासाठी विठ्ठल पहिल्यांदाच तिकिटाच्या पैशांत बसला. कापसासाठी काढलेली रेल्वे बघता बघता वारकऱ्यांची झाली. आषाढी-कार्तिकीला तिच्या इवल्या डब्यांत पाय ठेवायला जागा नसायची. गाडीचा वेग एवढा बेताचा की खाली उतरून शेतातली चार बोरं तोडून पुन्हा चढता येतं, अशी थट्टा लोक करायचे. पण थट्टा करत करत जायचे तिच्यातूनच.

पुढचं पटपट सांगते. पूर्वेला १९०७ मध्ये बार्शीहून तडवळ्यापर्यंत आणि १९११ मध्ये लातूरपर्यंत रूळ गेले. हा मुलूख निजामाचा. लातूरची पेठ जी वाढली, त्यात या गाडीचा मोठा वाटा. १९२७ मध्ये दुसरं टोक पंढरपूरहून मिरजेला पोचलं. एकवीस मैलांची रेल्वे तीस वर्षांत दोनशे दोन मैलांची झाली, म्हणजे सव्वातीनशे किलोमीटर.

त्याच १९२७ मध्ये कॅलथ्रॉप इंग्लंडमध्ये वारला. हा माणूस मोठा उद्योगी. घोड्यांचा त्याला भारी नाद होता, आणि पहिल्या महायुद्धाच्या काळात त्यानं विमानातून उडी मारणाऱ्यासाठी हवाई छत्री तयार केली होती. त्यानं आपल्या देशातही अशीच अडीच फुटी रेल्वे काढली, लीक गावाजवळच्या मॅनिफोल्ड नदीच्या खोऱ्यात, १९०४ साली. तिथं मुख्यतः दुधाची ने-आण होती. ती रेल्वे १९३४ ला बंद पडली, तीस वर्षंच चालली. बार्शीची मात्र शंभरीच्या पुढं गेली. बांधणारा तोच, माप तेच. फरक असा की इथं आजूबाजूला पेठा होत्या आणि पंढरपूर होतं.

कंपनी लंडनची, म्हणून फायदाही इतकी वर्षं लंडनला जात राहिला. स्वातंत्र्यानंतर १ जानेवारी १९५४ ला सरकारनं ती विकत घेतली आणि बार्शी लाईट भारतीय रेल्वेत आली. मग ट्रक वाढले, एसटी गावोगाव गेली. कुर्डुवाडीला माल उतरवून भरण्यापेक्षा व्यापाऱ्याला दारातून दारात जाणारा ट्रक बरा वाटू लागला. लहान गाडीचा जो फायदा होता, स्वस्त रूळ आणि कमी खर्च, तो आता पुरेनासा झाला. शेवटी या शतकाच्या पहिल्या दहा-अकरा वर्षांत टप्प्याटप्प्यानं सगळा मार्ग ब्रॉडगेज झाला. जुनी लाईन धाराशिव शहराला बगल देऊन येडशीवरून जायची. नवी लाईन वळवून धाराशिवला नेली. शंभर वर्षांपूर्वी बार्शीच्या वाट्याला जे आलं होतं, ते धाराशिवकरांनी मधल्या काळात सोसलं होतं.

लहान गाडी बंद झाल्यावर पुष्कळांना वाईट वाटलं. फोटो काढले, आठवणी लिहिल्या. वाईट मलाही वाटतं. पण २०१६ चा उन्हाळा आठवा. लातूर शहराचं पाणी संपलं होतं. पाण्याच्या टाक्यांभोवती भांडणं होऊ नयेत म्हणून जमावबंदी लावावी लागली होती. बायका रात्र रात्र घागरी रांगेत लावून बसल्या होत्या. तेव्हा एप्रिल महिन्यात मिरजेहून कृष्णेचं पाणी रेल्वेनं लातूरला पाठवलं. टाकीचे डबे राजस्थानातल्या कोट्याहून धुऊन आणलेले. पहिल्या गाडीला दहा डबे, एकेका डब्यात साधारण पन्नास हजार लिटर, म्हणजे पन्नास टन नुसतं पाणी. बार्शी लाईटच्या जुन्या डब्याला स्वतःच्या वजनासकट वीस टनांच्या वर जाता येत नव्हतं. पुढं पन्नास-पन्नास डब्यांच्या गाड्या गेल्या आणि पावसाळ्यापर्यंत फेऱ्या चालू राहिल्या.

पहिल्या दिवशी पोचलेलं पाणी पाच लाख लिटर. २०११ च्या जनगणनेत लातूर शहराची लोकसंख्या तीन लाख ऐंशी हजारांच्या वर. वाटून बघा, माणशी सव्वा लिटर, घोटभरच. तरी गाडी आली तेव्हा लोक मध्यरात्रीपासून स्टेशनावर उभे होते.

मिरजेहून पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, धाराशिव आणि मग लातूर, अशी ती पाण्याची गाडी ३४२ किलोमीटर गेली. धाराशिवचं वळण सोडलं तर जवळपास सगळी वाट बार्शी लाईटचीच. त्यातला कुर्डुवाडी ते बार्शी हा तुकडा सगळ्यात जुना, १८९७ चा.